हुंकारी

सरिता भंडाऱ्याहून नाकाडोंगरीला आली ती मायला घेऊन जायला. मायच्या हृदयाचे ठोके मधूनच मंदावत, डोळ्यांपुढं अंधारी येई. एकदा ती विहिरीपाशीच बसकन खाली बसली होती. नागपूरच्या डॉक्टरांनी पेसमेकर बसवायची तारीख दिली होती आणि फार लांबवू नका, असं दोनदा बजावलं होतं. सरिता स्वतः एका खासगी लॅबमध्ये टेक्निशियन. डॉक्टर एखादी गोष्ट दोनदा बोलतात तेव्हा तिचा अर्थ काय, हे तिला सांगावं लागत नव्हतं.

मोहाची फुलं गळायचे दिवस होते. बसथांब्यापासून घरापर्यंत तो गोडसर, उग्र वास हवेत बसून होता. रस्त्याकडेची पानं खाणीच्या काळ्या धुळीनं माखली होती. कवेलूच्या कौलारू घराचं दार उघडं होतं आणि आतून मायच्या हसण्याचा आवाज येत होता.

सरिता उंबऱ्यातच थांबली. धाकटा भाऊ गेल्यापासून तिनं हा आवाज ऐकला नव्हता.

आत माय, म्हणजे लीलाबाई, टीव्हीपुढं भिंतीला टेकून बसली होती. सुजलेले पाय लांब केलेले, पदर मांडीवर. पडद्यावर काळी जाळीदार रुंद टोपी घातलेला एक देखणा माणूस ओढ्याकाठी वाकून काहीतरी निरखत होता. त्याच्यामागं एक जाडा शिपाई धापा टाकत उभा होता. भाषा कोरियन. खाली इंग्रजी अक्षरं.

“हूं,” माय म्हणाली.

“माय, मी आली.”

“दिसली मले. बस. मधात बोलू नोको.” मग पडद्याकडं बघत पुन्हा, “हूं.”

गोष्ट ऐकताना हुंकारी द्यायची, ही या घरातली जुनी रीत. सांगणारा एक वाक्य सांगतो आणि थांबतो. ऐकणारा ‘हूं’ म्हणतो, मग पुढचं वाक्य. ‘हूं’ आलं नाही, तर गोष्ट तिथंच उभी. बाप मंगरू हयात होता तेव्हा खाणीतली पाळी संपवून आला की अंगणात बसून दोन्ही लेकरांना गोष्टी सांगे. हुंकारीचं काम मायचं. हुंकारी देणाऱ्यानं गोष्ट संपेपर्यंत उठायचं नाही, असा त्याचा दंडक होता. चुलीवर दूध उतू चाललं आणि उठणं भागच पडलं, तर माय जवळच्या लेकराच्या डोक्यावर हात ठेवून म्हणायची, ‘आता हुंकारी तुही,’ आणि मगच उठायची. मंगरूच्या बापानं छप्पन साली बौद्ध झाल्यावर घरातले देव गावाबाहेरच्या बोडीत, म्हणजे तळ्यात, नेऊन सोडले होते. घरात ना भूत होतं ना भगत. राहिली होती ती एवढीच एक रीत, आणि ती देवाधर्माची नसल्यानं तिला कुणी हात लावला नव्हता.

धाकट्या धम्मदीपनं ती पिक्चरला लावली. घरात त्याला दीपू म्हणत. तुमसरच्या बसस्टँडजवळ त्याचं मोबाइल दुरुस्तीचं दुकान होतं आणि कोरियन सिनेमाचं त्याला वेड होतं. मोबाइलवर पिक्चर पाहणं म्हणजे वास घेऊन पोट भरणं, असं म्हणून त्यानं त्या छोट्या खोलीत न मावणारा टीव्ही आणला, नागपुरातून जुना ब्ल्यू-रे प्लेअर आणला आणि डिस्का थेट कोरियातून मागवायला लागला. दुपारी जेवायला घरी आला की मायला पुढ्यात बसवायचा, इंग्रजी अक्षरं वाचायचा आणि झाडीबोलीत सांगत जायचा. माय ‘हूं’ म्हणेपर्यंत रिमोटनं चित्र थांबवून ठेवायचा.

त्यातला एक सिनेमा मायचा फार लाडका. राजे-रजवाड्यांच्या काळातला हेर आणि त्याचा भित्रा, खादाड शिपाई. दीपूनं त्यांची नावं ठेवली होती शाना आणि ढोल्या. त्याचा दुसरा भाग निघाला तेव्हा त्यानं तो लगेच मागवला. मागच्या पावसाळ्यात मलेरिया त्याच्या मेंदूत गेला. पार्सल आलं ते तो गेल्यावर.

ते सीलबंद पाकीट सरितानं स्वतः कपाटात ठेवलं होतं. तेव्हा माय म्हणाली होती, राहू दे, सांगनारा गेला. आता पाकिटाचं पारदर्शक वेष्टन टीव्हीखाली नीट घडी करून ठेवलेलं होतं.

“माय, हा दुसरा भाग ना? कोनी लावून देल्ला?”

“मीच. मले काय बटन दाबता नाई येत?”

“आन् समजते तुले?”

मायनं तिच्याकडं असं पाहिलं, की जणू तिनं भाताला मीठ कशाला असं विचारलं होतं. “सांगून राह्यला ना थो.”

सरितानं पिशवी खाली ठेवली. लॅबमध्ये रोज भेटणारी माणसं तिला माहीत होती. नवरा गेल्यावर दोन ताटं वाढणारी बाई, मेलेल्या मुलाच्या नंबरवर फोन करणारा बाप. त्यात घाबरण्यासारखं काही नसतं. सवय माणसापेक्षा उशिरा मरते, एवढंच.

शेजारचा सुखराम खाणीतून निवृत्त झालेला माणूस. संध्याकाळी तो मायची चौकशी करायला आला, तेव्हा सरितानं त्याला अंगणातच गाठलं.

“काका, मायले कोनी वाचून देते काय ते पिक्चर?”

“कोन देनार वं? मी एक डाव बसलो होतो संगं. मले तं त्याच्यातलं घंटा काई समजलं नाई. मी म्हनलं, लीलाबाई, हे लोक भांडून राह्यले का गाऊन राह्यले? तं मलेच म्हनते, चूप बस, नाईतं घरी जा.” सुखराम हसला. मग हसू ओसरलं. “पन हासते बाप्पा बरोब्बर. पडद्यावरचे लोक हासाच्या आंधी हासते.”

जेवताना मायनं सगळी गोष्ट सांगितली. वरात निघते. नवरी बंद पालखीत. पालखी नदी ओलांडते आणि उघडतात तर आत नवरी नाही, नुसते तिचे कपडे, आणि तेही कोरडे. भोई म्हणतात, वजन तर शेवटपर्यंत होतं. शाना चांदीचा चमचा घेऊन प्रत्येकाच्या ताटात बुडवून पाहतो, विष असलं तर चांदी काळी पडते म्हणून. ढोल्या त्या दिवसापासून चमच्याला हातच लावत नाही, बोटांनी खातो आणि म्हणतो, मरायचंच तर चवीनं मरू.

माय सांगत होती आणि सरिता नकळत ‘हूं’ म्हणत होती. रंगलेली, धाप लागलेली माय तिला कितीतरी दिवसांनी दिसत होती. ओठांच्या कडा मात्र निळसर होत्या.

“येशीन ना मंग परवा? अमर गाडी घेऊन येते.” अमर हा चुलतभाऊ, तुमसरला राहायचा.

“येतो ना. गोष्ट होऊ दे.”

“किती राह्यली?”

“थो सांगन तेवढी.”

दुसऱ्या दिवशी सकाळी माय अंघोळीला गेल्यावर सरितानं डिस्क सुरू केली आणि इंग्रजी अक्षरं वाचत बसली. पालखी होती. कोरडे कपडे होते. चमचा होता. ढोल्याचं वाक्य शब्दाला शब्द होतं. सिनेमा गाजलेला असणार, कुठंतरी हिंदीत सांगितलेला असणार, मायच्या कानावर पडला असणार. असणार, असणार. प्रत्येक ‘असणार’ वेगवेगळा तिला पटत होता. सगळे मिळून पटत नव्हते.

म्हणून दुपारी तिनं तपासून पाहायचं ठरवलं. माय बसल्यावर तिनं अक्षरं बंद केली. मायला फरक पडला नाही. मग तिनं आवाजही बंद केला. खोलीत पंख्याची घरघर तेवढी राहिली.

“हूं,” माय म्हणाली. थांबली. हसली. “हूं.”

पडद्यावर शाना आणि ढोल्या पाठमोरे उभे होते. समोर धुक्यातली नदी. ढोल्या शान्याच्या कानाशी लागून काहीतरी कुजबुजला. दोघांचीही तोंडं दिसत नव्हती.

“काय म्हनते थो?” सरितानं सहज विचारल्यासारखं विचारलं.

“म्हनते, साहेब, मेलेल्या मानसाचं मले भेव नाई. पन त्याच्या घरी जेवाले भेटन का नाई, याचं भेव हाय.” मायनं डोळे पुसले. “मेला खादाड ढोल्या.”

माय तोंड धुवायला गेली तेव्हा सरितानं चित्र मागं नेलं आणि अक्षरं लावली. ती वाचून तिनं रिमोट हळूच खाली ठेवला.

तिला भीती वाटली नाही. जे वाटलं ते रागासारखं होतं. तिच्या सख्ख्या भावाचा आवाज होता तो, असलाच तर. मायला ऐकू येत होता आणि तिला नाही.

चित्र आपोआप थांबतं हे तिच्या लक्षात आलं त्याच दिवशी, जरा उशिरानं. मायला ठसका लागला. ती खोकत राहिली आणि पडदा थांबला. कोपऱ्यात थांबल्याची खूण उमटली, दोन उभ्या रेघा. रिमोट सरिताच्या मांडीजवळ होता आणि तिनं काही दाबलं नव्हतं. ठसका थांबला, मायनं श्वास घेतला, “हूं” म्हणाली. चित्र चालू लागलं.

सरितानं रिमोट उचलला, मागचं झाकण काढलं, दोन्ही सेल मुठीत घेतले आणि वाट पाहत बसली.

थोड्या वेळानं मायची मान एका बाजूला कलली. चित्र थांबलं. इतकं स्वच्छ चित्र ती पहिल्यांदाच निरखून पाहत होती. शान्याच्या टोपीच्या जाळीतला एकेक घोड्याचा केस मोजता येत होता. पन्हळीवरून सुटलेला पावसाचा थेंब हवेत लोंबकळत होता आणि त्याच्या आत अंगण उलटं दिसत होतं. सरिता मायकडं वळली. माय झोपली नव्हती. तिच्या पापण्या अर्ध्या उघड्या होत्या आणि बुबुळं वर गेली होती.

“माय! वं माय!”

मनगट हातात घेतलं. नाडी लागत होती, पण एक ठोका आला की पुढच्याची वाट पाहावी लागत होती. सरितानं तिला आडवं केलं, पायांखाली उशी दिली, तोंडावर पाणी शिंपडलं. मायनं डोळे उघडले, कुठं आहोत ते आठवल्यासारखं छताकडं पाहिलं, आणि पडद्याच्या दिशेनं म्हणाली, “हूं.”

थेंब खाली पडला.

“आता बस झालं,” सरिता म्हणाली. तिचा आवाज चढला होता. “उद्या सकाळी आपुन निघतो. तू मरशीन अशानं. समजते काय तुले?”

“गोष्ट अर्धी टाकून मी उठत नाई.”

“कोनची गोष्ट? दीपू नाई आता, माय. आपुनच नेलं त्याले.”

“मले काय सांगते? मीच मूठमाती देल्ली.” माय शांत होती. “पन थो सांगून राह्यला तं मी नाई कशी म्हनू? मी उठली तं थो कोनाले सांगन?”

सरिता उठून अंगणात गेली. अमरला फोन लावला. अमर म्हणाला, उचलून गाडीत टाकू. सरिता म्हणाली, तिचं हृदय तेवढं सहन करणार नाही. रात्रभर ती मायच्या उशाशी बसून श्वास ऐकत राहिली. तारीख चुकली की पुन्हा कधी मिळेल ते माहीत नव्हतं, आणि तोपर्यंत माय राहील की नाही, तेही नाही.

सकाळी अमर गाडी घेऊन दारात उभा राहिला तेव्हा माय आधीच टीव्हीपुढं बसली होती. सरिता तिच्यासमोर येऊन बसली, पडद्याच्या आड.

“माय, दूध उतू जाऊन राह्यलं तं तू काय करत होती?”

मायनं तिच्याकडं पाहिलं.

“तुले नाई जमाचं. तुहा भरोसा नाई याच्यावर.”

“भरोशाचं काय काम? ‘हूं’च म्हनाचं हाय ना? लहानपनी किती डाव देल्ली मी.”

“मधात उठाचं नाई. उशीर कराचा नाई. थो थांबला का थांबूनच राह्यते.”

“नाई उठत. तुही मशीन बसेपर्यंत इथून हालत नाई. अमर आन् त्याची बायको राहतीन तुह्याजोळ.”

सरिताला हे सरळ व्यवहाराचं वाटत होतं. ऑपरेशनला जाणाऱ्या पेशंटला कुणी ताईत मागतं, कुणी लेकराचा फोटो. ही ‘हूं’ मागत होती. फुकटात जमत होतं. एक मुलगी जवळ नसली तर काही बिघडत नव्हतं. पूर्ण भुलीचीही गरज नव्हती, जागा बधिर करून करायचं लहानसं काम.

मायनं हात उचलला आणि सरिताच्या डोक्यावर ठेवला. हात थंड आणि वजनाला काहीच नसल्यासारखा होता.

“आता हुंकारी तुही.”

मग ती भिंतीचा आधार घेऊन उठली, चपला घातल्या आणि मागं न पाहता गाडीत जाऊन बसली. दोन दिवस अडलेलं काम इतक्या सहज झालं की सरिता दारात उभी राहून हसली. गाडी वळणापलीकडं गेली. ती आत आली, टीव्ही बंद केला, खोली झाडली आणि निवांत झोपली. काही झालं नाही.

ऑपरेशनच्या दिवशी अकराच्या सुमाराला अमरचा फोन आला. मागं वॉर्डातली गडबड ऐकू येत होती.

“सरिता, काकू ऐकून नाई राह्यली. स्ट्रेचरवर बसून हाय. म्हनते, सरी बसली काय विचार. डॉक्टर चिडून राह्यला वं.”

“दे तिले.”

“बसली काय?” मायचा आवाज बारीक होता.

“बसतो ना.”

“ऐकव मले.”

सरितानं टीव्ही लावला. डिस्क आतच होती. चित्र जिथं राहिलं होतं तिथून उमटलं आणि लगेच थांबलं. कोपऱ्यात दोन उभ्या रेघा. तिनं फोन तोंडाजवळ धरला आणि म्हणाली, “हूं.”

चित्र चालू झालं.

“हां,” माय म्हणाली. “जातो मंग.” फोन बंद झाला.

सरिता मायच्या जागेवर, भिंतीला टेकून बसली. खाणीकडून कुठलीशी मशीन घरघरत होती. पडद्यावर शाना रांजणांच्या रांगेतून चालला होता. त्यातल्या एका रांजणात ढोल्या लपला होता आणि अडकला होता.

“ढोल्या म्हनते, साहेब, आत लोनचं हाय.”

सरिता हलली नाही.

आवाज टीव्हीतून येत नव्हता. मागूनही नाही. लहानपणी एका पांघरुणात झोपल्यावर यायचा तसा, अगदी जवळून येत होता. थोडा घोगरा, हसू दाबलेला. दीपू गोष्टीतलं हसण्याचं ठिकाण जवळ आलं की असाच बोलायचा.

चित्र थांबलं होतं.

“हूं,” सरिता म्हणाली.

“शाना म्हनते, मंग बाहेर निंग. ढोल्या म्हनते, थांबा साहेब, संपवून येतो.”

ती हसली. हसता हसता तिचं तोंड वाकडं झालं आणि तिनं ओढणीचा बोळा दातांत धरला. “हूं,” ती म्हणाली. “हूं, दीपू.”

तो सांगत गेला. नवरी मेली नव्हती. ती पालखीतून नदीच्या मध्यावरच उतरली होती, आणि भोयांना जे वजन लागलं ते तिचं नव्हतं. कुणाचं होतं ते शाना शोधत होता. सरिता हुंकारी देत गेली. तिला भूक लागली नाही, तहान लागली नाही. खाली इंग्रजी अक्षरं धावत होती आणि वर दीपूचा आवाज. दोन्ही जुळत होती. सवयीनं ती दोन्ही पडताळून पाहत होती.

शाना एका लांबट खोलीत शिरला. पांढऱ्या कपड्यातली माणसं एका चौथऱ्याभोवती उभी होती. चौथऱ्यावर कुणीतरी चादरीखाली होतं. एकानं हात पुढं केला.

खाली अक्षरं होती : नदीचं पाणी या महिन्यात एवढं खोल नसतं.

“डाक्टरनं मायच्या छातीवर हात ठेवला,” दीपू म्हणाला.

चित्र थांबलं.

सरितानं अक्षरं पुन्हा वाचली. नदीचं पाणी. महिना. खोल. आवाजात काही फरक नव्हता. तोच घोगरेपणा, तेच दाबलेलं हसू.

आपण थकलो आहोत, तिनं स्वतःला सांगितलं. कालपासून मनात ऑपरेशनच आहे. जे मनात आहे ते कानात येतंय. आतापर्यंतचंही सगळं असंच आलं असेल.

हे तपासून पाहता येईल. ‘हूं’ म्हणायचं नाही. नुसतं बसायचं. चित्र आपोआप सुटतं का बघायचं.

ती गप्प बसली.

चादरीच्या विणीतला धागा न् धागा दिसत होता. चादर वर आलेली नव्हती, खाली गेलेली नव्हती.

पंखा फिरत होता. मोहाचा वास आत आला होता.

खाणीवर सुरुंगाचा भोंगा झाला. लांबलचक. मग नेहमीचा धक्का बसला, कवेलू थरथरले आणि छतातून थोडी माती पडली.

चित्र सुटलं नाही.

आवाज आला नाही. कुणी रागावलं नाही, कुणी हाक मारली नाही. कुणीतरी फक्त वाट पाहत होतं, अगदी जवळ, श्वास धरून.

“हूं!” ती ओरडली. “हूं, हूं!”

चादर हलली.

त्यानंतरचं तिनं नीट पाहिलंच नाही. शान्यानं गुन्हेगार धरला, ढोल्याला जेवण मिळालं, नावं वर सरकत गेली, संगीत संपलं. ती ठरल्या जागी हुंकारी देत राहिली. पडद्यावर सुरुवातीची पाटी आली तेव्हा तिनं उठून प्लेअर बंद केला, डिस्क बाहेर काढली आणि टीव्हीची पिन ओढली. सिनेमा संपला होता. गोष्ट संपली होती.

फोन वाजला.

“झालं वं,” अमर म्हणाला. त्याचा आवाज ओला होता. “बरी हाय काकू. मशीन बसली.”

सरिता भिंतीला टेकून बसली. डिस्क अजून हातातच होती. “काई त्रास?”

“आता तुह्यापासून काय लपवाचं. मधात एक डाव धडधड बंदच पडली. सरळ रेघ. हे लोक छाती दाबून दाबून थकले. डॉक्टर म्हनते, आमच्या हातून नाई आली, आपोआप आली.” तो थांबला. “आन् एक. काकूनं डोळे उघडले तं पैलं काय इचारलं मालूम? म्हनते, सरीनं उशीर काहून केला?”

सरितानं हातातली डिस्क जमिनीवर ठेवली.

“जाऊ दे,” अमर म्हणाला. “गुंगीत बोलत असन. तू नोको येऊ आज. उद्या ये आरामात.”

“मंग अमरनं फोन ठेवला,” दीपू म्हणाला.

सरिता बंद टीव्हीकडं पाहत राहिली.

“अमर?” तिनं फोनमध्ये विचारलं.

उत्तर नव्हतं. वॉर्डातली गडबड नव्हती. तिनं फोन कानापासून काढून पाहिला. बोलणं चालू असल्याचं दिसत होतं, हिरव्या अक्षरांत अमरचं नाव होतं, आणि त्याखाली सेकंद मोजणारा आकडा एका जागी उभा होता. वर पाहिलं तर पंख्याची पाती तिला एकेक दिसत होती. दारातून आत आलेल्या उन्हात धुळीचे कण होते, आणि त्यातला एकही खाली येत नव्हता.

तिला मायची आठवण झाली. वॉर्डात कुठल्यातरी खाटेवर, नुकते मोकळे झालेले डोळे, छातीत नवी मशीन. तीही थांबली असणार.

“हूं,” सरिता म्हणाली.

फोन कट झाला.